बेळगावात बसून समुद्र चालवायचा तर: काल्पनिक जगाची भरती-ओहोटी कशी बसवायची

आमच्या बेळगावात समुद्र नाही. जवळचा म्हटला तर गोव्याचा, चोर्ला घाट उतरून सव्वाशे किलोमीटरच्या आसपास, आणि पावसाळ्यात त्या रस्त्याचं नाव काढू नका. तरी गेली काही वर्षं मी घरात बसून एक समुद्र चालवतोय. माझं एक काल्पनिक जग आहे, त्यावर गोष्टी लिहितो, नकाशे काढतो, भाच्या-पुतण्यांना घेऊन खेळ मांडतो. आई अजून विचारते, "काय लिहालायस रे एवढं?" आणि मी सांगतो की आज पाणी किती वाजता ओसरणार ते बघालोय, मग ती परत जाते.

हल्ली नवीन पोरंपोरी विचारायला येतात, आम्हालाही असलं जग करायचंय, समुद्र कसा करायचा. प्रत्येकाचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "आमच्या जगात दोनशे फुटांची भरती येते!" बरं, येऊ दे की. मग पुढं? पुढचं कुणालाच सांगता येत नाही. म्हणून आधीच सांगतो, उंचीचं नंतर बघू, पहिल्यांदा टाइमटेबल करा. पाणी कधी येतं, कधी जातं, मधे जमीन किती तास उघडी राहते, आणि हे टाइमटेबल गावात कुणाला माहीत असतं.

हे मला समुद्रानं नाही, नळानं शिकवलं. मी लहान असताना आमच्या गल्लीत पाणी चार-पाच दिवसांनी यायचं, तेही दीड-दोन तास, कधी पहाटे तीनला, कधी भर दुपारी. "पाणी आलंय!" अशी एक हाक पडली की सगळी गल्ली उठायची, बॅरल, हंडे, घागरी, पातेली, पिण्याचं पाणी गाळायचं फडकं. बाहेरगावी जाणारा शेजारी किल्ली आमच्याकडे ठेवून जायचा, का तर पाणी आलं तर भरायला. पाहुणे कधी बोलवायचे, गोधड्या कधी धुवायच्या, सगळं त्या दोन तासांवर. आणि गल्लीत सगळ्यात मान कुणाला, तर वॉल फिरवायला येणाऱ्या माणसाला, त्याला चहा, चकली, दिवाळीला कुंदा सुद्धा, कारण टायमिंग त्याला आधी कळायचं. ज्यांच्या दारात मोठी टाकी होती त्यांना काहीच फरक पडायचा नाही. आता हे सगळं उचलून समुद्रकाठच्या गावात ठेवा, तुमच्या जगाची अर्धी गोष्ट तिथंच तयार होते.

पहिली पायरी, आपला खरा समुद्र आधी समजून घ्या. चंद्र पृथ्वीच्या जवळच्या बाजूला जास्त ओढतो, लांबच्या बाजूला कमी, त्यामुळे पाणी दोन्हीकडे फुगतं, आणि पृथ्वी फिरताना आपण दोन्ही फुगवट्यांखालून जातो म्हणून बहुतेक किनाऱ्यांवर दिवसाला दोन भरत्या. तोपर्यंत चंद्र पुढं सरकलेला असतो, त्यामुळे भरती रोज पन्नासेक मिनिटं उशिरा. कोकणात याचा एक जुना हिशेब आहे, तिथीला पाऊणनं गुणायचं. अष्टमी असेल तर आठ पाऊणे सहा, म्हणजे भरती सहाच्या सुमाराला, सकाळी आणि संध्याकाळी. पौर्णिमा-अमावास्येला पंधरा पाऊणे सव्वाअकरा. ढोबळ आहे पण भिंतीवरच्या कॅलेंडरवर चालतं. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास सूर्य-चंद्र एका रेषेत येतात, तेव्हा उधाण, खरा जोर एक-दोन दिवसांनी दिसतो. अष्टमीच्या आसपास दोघं काटकोनात, तेव्हा भांग, म्हणजे पाणी ना धड चढत ना धड उतरत.

हे मला माहीत नव्हतं तेव्हाची गंमत सांगतो. माझ्या पहिल्या गोष्टीत राजकुमार पौर्णिमेच्या दिवशी भर दुपारी खाडीच्या कोरड्या वाळूवरून घोडा दौडवत पळून जातो. मला वाटलं एकदम भारी सीन झालाय. आत्याचे मिस्टर वेंगुर्ल्याकडचे, त्यांना वाचायला दिलं. त्यांनी चष्मा काढला आणि म्हणाले, "पुनवेक दुपारी पाणी भरलेला असता रे, तुझो घोडो खंयसून गेलो?" बस्स. संपूर्ण प्रकरण परत लिहावं लागलं, आणि घोडा संध्याकाळी सहाला काढला.

दुसरी पायरी, चंद्र ठरवा. इथं लोक वजन, अंतर, असलं काही काढत बसतात आणि कंटाळून सोडतात. सोपी युक्ती अशी की चंद्र आकाशात किती रुंद दिसतो तेवढंच बघा. भरतीचा जोर वस्तुमानावर आणि अंतराच्या घनावर ठरतो, म्हणजे तोच चंद्र निम्म्या अंतरावर आणला तर जोर आठपट. त्यामुळे दगड आपल्या चंद्रासारखाच धरला तर रुंदीचा घन करायचा की झालं. दुप्पट रुंद दिसणारा चंद्र आठपट ओढणार, निम्मा दिसणारा आठवा हिस्सा. आपला सूर्य आकाशात चंद्राएवढाच दिसतो, पण तो दगडाचा नाही, चंद्राच्या मानानं विरळ आहे, म्हणून त्याचा जोर चंद्राच्या निम्म्याहून थोडा कमी, साधारण ०.४६.

माझ्या जगात दोन चंद्र आहेत. थोरला आपल्या चंद्राच्या दीडपट रुंद दिसतो, दीड गुणिले दीड गुणिले दीड म्हणजे जवळजवळ ३.४. धाकटा आपल्याएवढाच, म्हणजे १. सूर्य ०.४६. तिघं एका रेषेत आले की बेरीज ४.८६, आपल्याकडे हीच बेरीज १.४६ होते. म्हणजे सव्वातीन पटीहून जास्त. गोव्याकडे उधाणाला पाणी दोनेक मीटर चढतं-उतरतं, तसाच किनारा धरला तर माझ्याकडे साडेसहा मीटरच्या पुढं. दुमजली घराएवढं. दोनशे फूट नाहीच, आणि पुरेसं आहे.

एक गोष्ट मात्र टाळा. ग्रहाचं एकच तोंड कायम चंद्राकडे असेल असं जग केलंत तर फुगवटा जागच्या जागी बसतो, त्या चंद्राची भरती येतही नाही जातही नाही. आणि चंद्र फार जवळ आणला तर तो फुटतो, शिवाय ग्रहाला ब्रेकही लागतो. आपल्या पृथ्वीलाही लागतोय, जुन्या प्रवाळांच्या रेघा मोजून कळलंय की सुमारे चाळीस कोटी वर्षांपूर्वी वर्षाला ४०० च्या आसपास दिवस होते, आणि चंद्र अजून दरवर्षी ३.८ सेंटिमीटर लांब जातोय.

तिसरी पायरी म्हणजे कॅलेंडर, आणि इथं घाई करू नका. थोरल्याची अमावास्या ३० दिवसांनी, धाकट्याची १२ दिवसांनी, असे आकडे मी मुद्दाम घेतले कारण ते एकमेकांत बसतात. हिशेब मांडला तर दोन्ही चंद्र दर दहा दिवसांनी एका रेषेत येतात, कधी एकाच बाजूला, कधी समोरासमोर, भरतीला दोन्ही सारखंच. पण सूर्यासकट तिघं एका रेषेत फक्त ३० व्या दिवशी. जोर काढला तर तिसावा दिवस ४.८६, दहावा आणि विसावा ४.२ च्या आसपास, पाचवा आणि पंचविसावा फक्त २.२, आणि मधला पंधरावा २.९. म्हणजे महिन्यात तीन चढ, त्यातला एक दांडगा, आणि तीन उतार, त्यातले दोन मरतुकडे. थोरलाच दांडगा असल्यामुळे भरती आपल्यासारखीच रोज पन्नासेक मिनिटं पुढं जाते, धाकटा मधे मधे अर्धा तास इकडं तिकडं ओढतो. घरात धाकटी भावंडं करतात तेच.

ब्रिटिश शास्त्रज्ञ लॉर्ड केल्विननं १८७२ मध्ये हीच बेरीज करायला कप्प्या आणि दोरीचं मशीन बनवलं होतं, एकेका ओढीला एकेक कप्पी. आपल्याला एक्सेल पुरतं. मी एक तीस रकान्यांचा तक्ता करून कपाटाच्या दारावर आतून चिकटवलाय, प्रत्येक सीन लिहिण्याआधी आजचा दिवस कुठला ते त्यात बघायचं आणि मगच पात्राला घराबाहेर काढायचं.

ज्यांना दोन चंद्रांचा हिशेब नको त्यांनी पृथ्वीवरचेच विचित्र किनारे उचलावेत, कुणी हसणार नाही. व्हिएतनामजवळच्या टोंकिनच्या आखातात दिवसाला एकच भरती असते. प्रशांत महासागरातल्या ताहिती बेटावर तर चंद्राचा हिस्सा जवळजवळ नाहीसा होतो आणि सूर्याचाच उरतो, त्यामुळे भरती रोज दुपारी बारा आणि रात्री बाराच्या आसपास, बारा महिने तेच. विचार करा, अशा गावात घड्याळ कशाला लागेल?

चौथी पायरी, किनारा. एकाच चंद्राखाली एका ठिकाणी गुडघाभर पाणी आणि दुसऱ्या ठिकाणी ताडाएवढं, हे किनाऱ्याच्या आकारानं होतं. बंदिस्त समुद्रात भरती नावापुरती, भूमध्य समुद्र बघा. नरसाळ्यासारखं आत निमुळतं होणारं आखात असेल तर पाणी कोंडून वर चढतं. आपल्याच पश्चिम किनाऱ्यावर गोव्यापेक्षा मुंबईत जास्त आणि खंभातच्या आखातात त्याहून कितीतरी जास्त, दहा मीटरच्या वर. कॅनडातल्या फंडीच्या आखातात १६ मीटरपर्यंत जातं, तिथं आणखी एक कारण आहे. भरलेली बादली घेऊन चाला, एका ठराविक चालीला पाणी जास्तच हिंदकळतं आणि पायावर सांडतं, चाल बदलली की थांबतं. फंडीच्या आखाताची हिंदकळायची चाल आणि भरतीची चाल जुळलेली आहे. तुमच्या आखातासाठी हिशेब हवा असेल तर १०० मीटर खोली धरली तर साधारण ३५० किलोमीटर लांबीला ही चाल जुळते. उथळ केलं तर लांबी कमी लागेल. बाकी नकाशा मनाला येईल तसा काढा.

उतार मात्र ठरवाच. साडेसहा-पावणेसात मीटरची भरती आणि पाचशेला एक असा सपाट चिखल असेल तर ओहोटीला सव्वातीन किलोमीटर जमीन उघडी पडते. आता पाणी परत कसं येतं ते बघा, सारख्या वेगानं येत नाही. खलाशी लोकांचा बाराव्या हिश्श्याचा हिशेब आहे, सहा तासांत पाणी अनुक्रमे १, २, ३, ३, २, १ असे बारावे हिस्से चढतं. म्हणजे पहिल्या तासाला कड पावणेतीनशे मीटर सरकली, माणूस म्हणतो वेळ आहे अजून, आणि तिसऱ्या तासाला सव्वाआठशे मीटर. तरीही माणूस चालत सुटू शकतो, पण पाणी सरळ समोरून येतच नाही ना, आधी तुमच्या मागच्या नाळी-चर भरतात आणि तुम्ही बेटावर उभे असता. २००४ मध्ये इंग्लंडच्या मोरकँब उपसागरात शिंपले गोळा करणारी किमान २१ माणसं रात्री अशीच बुडाली, सगळी परदेशातनं आलेली मजूर माणसं होती. टाइमटेबल कुणाला माहीत असतं हा प्रश्न मी पहिल्यांदा का विचारला ते लक्षात आलं असेल.

पाचवी पायरी, उपयोग. ही माझी आवडती, त्यामुळे इथं जरा लांबण लागणार.

शेतीपासून सुरू करा. गोव्यात चोडणला मी पहिल्यांदा मानस बघितली, आणि तासभर तिथंच बसलो. मांडवीच्या काठची सखल खारी जमीन, तिला खाजण म्हणतात, बांध घालून राखलेली. बांधात एक दरवाजा, तीच मानस, लाकडी झडपा लावलेली. कुणी उघडत नाही, कुणी लावत नाही. भरतीचं पाणी बाहेरून चढायला लागलं की झडप हळूहळू सरकते आणि धप्प करून चौकटीला टेकते, फटीतनं थोडं पाणी पिचकारीसारखं आत उडतं, मग तेही थांबतं. बाहेर नदी वर, आत शेत खाली, मधे चार फळ्या. ओहोटी लागली की आतल्या पाण्याचा जोर जास्त होतो, झडप आपोआप उघडते, आणि त्या तोंडाला जाळं बांधलेलं असतं त्यात मासे, कोळंबी. एकाच दारातनं भात पण आणि कालवण पण! मला हसू आलं ते वेगळ्याच कारणानं, ही मांडवी म्हणजे आमच्या खानापूर तालुक्यातनं उतरलेली म्हादईच की, आमचंच पाणी तिथं जाऊन भरतीशी कुस्ती खेळतंय. असल्या जमिनीत खारं पाणी सोसणारं भात लागतं, गोव्यात कोरगुट, आणि इकडं कुमट्याजवळ अघनाशिनीच्या खाडीत कग्गा. तुमच्या जगातल्या भाताला एक नाव द्या, आणि मानशीची फळी कुजली तर रात्रीत किती घरांचं वर्ष बुडतं ते लिहा.

मीठ. मिठागरात पाणी घ्यायला मोठी भरती लागते, मग ऊन. शिरोड्याचं मिठागर तर १९३० च्या सत्याग्रहामुळे सगळ्यांना ऐकून माहीत असतं. माझ्या जगात वरची मिठागरं फक्त तिसाव्या दिवशीच भरतात, त्यामुळे तिथले लोक उधारी सुद्धा "तिसाव्याला देतो" अशीच करतात.

गिरणी. युरोपात हजार-दीड हजार वर्षांपूर्वीपासून भरतीवरच्या पिठाच्या गिरण्या होत्या. भरतीला तळं भरून घ्यायचं, दार लावायचं, ओहोटी लागली की ते पाणी चाकावर सोडायचं. म्हणजे गिरणीवाल्याचा धंदा रोज पन्नास मिनिटं पुढं सरकत सरकत मध्यरात्रीवर जाणार. आमच्याकडे लोडशेडिंगच्या दिवसांत करंट रात्री दोनला यायचा आणि शेतकरी बॅटरी घेऊन मोटार चालू करायला निघायचा, तसंच. गिरणीवाल्याची बायको काय म्हणत असेल ते तुम्हीच लिहा. नव्या काळाचं जग असेल तर वीज करा, फ्रान्समध्ये रान्स नदीच्या तोंडावरचं २४० मेगावॉटचं केंद्र १९६६ पासून भरतीवर चालतंय.

नावांची, म्हणजे होड्यांची, डागडुजी. नाव उधाणाला वर चढवायची, पाणी उतरलं की ती कोरडी, तळ खरवडायचा, डांबर लावायचं, पुढच्या भरतीला तरंगली की चालू पडायचं. आता तक्ता बघा. कुणी दीडशहाण्यानं तिसाव्या दिवशी अगदी वरच्या रेघेला नाव चढवली तर? एकतिसाव्याला पाणी तिथवर पोचत नाही, दहाव्याला नाही, विसाव्याला नाही. पुढचा तिसावा येईपर्यंत नाव वाळूत, माल नासतोय, खलाशी दारू पितायत, सावकार रोज येऊन बघून जातोय. माझी सगळ्यात लांब गोष्ट या एका चुकीवर उभी आहे आणि ती मला सुचली नाही, तक्त्यानं दिली.

रस्ता आणि देऊळ. मुंबईत हाजीअलीची वाट भरतीला पाण्याखाली जाते, गुजरातेत कावी-कंबोईला स्तंभेश्वराचं देऊळ रोज बुडतं आणि बाहेर येतं. पूजेचे तास पुजारी ठरवत नाही, ही कल्पना मला फार आवडते.

लढाई पटकन सांगतो. इ.स.पू. ३२५ मध्ये सिंधूच्या मुखाशी अलेक्झांडरच्या नावा चिखलात बसल्या, कारण भूमध्यवाल्यांनी असली भरती कधी बघितलीच नव्हती, आणि घाबरून बसलेत तोवर पाणी परत आलं. आणि ६ जून १९४४ ला फ्रान्सच्या नॉर्मंडी किनाऱ्यावर उतरताना दोस्त राष्ट्रांच्या सैन्यानं दिवस निवडला तो चांदणं आणि पहाटेची ओहोटी दोन्ही बघून, म्हणजे पाण्याखाली पेरलेले अडथळे दिसावेत.

सहावी पायरी, भांडणं. सहा तास उघडी पडणारी सव्वातीन किलोमीटर जमीन कुणाची? अलीकडच्या राज्याची की पलीकडच्या? सातबारा कोण देणार, कर कोण घेणार? आणि बोर्ड लावायचा तर कुठल्या भाषेत, पाणी यायच्या आत रंग वाळेल काय? आम्ही सीमाभागातली माणसं, आम्हाला हे शिकवावं लागत नाही, त्यामुळे या पायरीवर जास्त बोलत नाही.

शेवटची पायरी, तक्ता आणि गोष्ट एखाद्या पोराला देऊन टाका आणि गप्प बसा. मोठी माणसं छान आहे म्हणतात, काही कामाचं नाही. माझ्या भाचीनं सगळं ऐकलं, चंद्र, मानस, अडकलेली नाव, आणि विचारलं, "मामा, चिखलात मासे खायला गेलेल्या कुत्र्यांना कोण सांगतं पाणी येतंय म्हणून?" मला उत्तर आलं नाही. दोन दिवस डोक्यात तेच. मग आमच्या गल्लीतली मांजर आठवली, नळ सूं सूं करायला लागायच्या आधीच ती मोरीतनं उठून कट्ट्यावर जाऊन बसायची, आणि आई तिच्याकडे बघून बॅरल विसळायला घ्यायची. आता माझ्या जगात चिखलावर गेलेली बायकामाणसं चंद्र बघत नाहीत, कुत्री कुठं बघतायत ते बघतात.